दोनदाबाई आणि उरलेला एक प्रयत्न

...तर सुताराचा जावई दुकानात आला तो आधी स्टूलच पुसायला लागला. खिशातल्या रुमालानं. स्टूल काही मळलेलं नव्हतं. दोनदाबाईच्या दुकानात मळलेलं असं काही नसतंच. पण सांगायचं ते जिभेवर येत नसलं की माणसाचे हात असले उद्योग शोधतात. स्टूल झालं, मग पिशवी पुसली. पिशवीतून काळा राउटर काढला आणि तोही पुसला. बाई चष्म्यावरून नुसती बघत होती.

"किती वेळा?" तिनं विचारलं.

"काय किती वेळा?"

"चुकीचा कोड किती वेळा घातला?"

"असेल एकदोनदा."

"एकदा की दोनदा?"

"तसं म्हटलं तर," जावई रुमालाची घडी घालत म्हणाला, "नऊ वेळा."

आता नऊ म्हणजे काय, ते आधी नीट समजून घ्या, नाहीतर पुढची सगळी गंमत पाण्यात जाईल. मोबाइलच्या कंपन्या राउटर विकतात ना, घरात इंटरनेट आणणारी डबी, ती बहुतेक वेळा कुलूप लावूनच विकतात. लोखंडाचं नव्हे, आतलं कुलूप. त्या डबीत त्याच कंपनीचं कार्ड चालतं. दुसऱ्या कंपनीचं घातलं की डबी म्हणते, कोड सांगा. प्रत्येक डबीला स्वतःचा पंधरा आकडी नंबर असतो आणि त्या नंबराशी जुळणारा कोड एकच. चुकलात तर डबी मोजते. मुकाट्यानं मोजते, आमच्या शाळेतले मास्तर छडी हातात घेऊन मोजायचे तशी. दहावी चूक झाली की ते कुलूप जन्मात उघडत नाही. म्हणजे जावयाची दहातली नऊ बोटं दिव्यात घालून झाली होती आणि दहावं घेऊन तो इथं आला होता.

हा जावई गाडी शिकवायचा. शिकवणाऱ्याच्या पायाखाली वेगळा ब्रेक असतो, त्यामुळे शिकणारा कुठंही घुसला तरी याचं रक्त थंड. नऊ चुका त्यानं त्याच हिमतीवर केल्या. या गाडीला आपल्या बाजूला ब्रेक नाही, हे त्याच्या ध्यानात आलं ते नवव्या चुकीनंतर.

आणि दोनदाबाई म्हणाल, तर तिचं खरं नाव आता तिच्या नवऱ्याला तरी आठवत असेल की नाही, शंका आहे. काहीही ऐकलं की ती दोनदा विचारते, म्हणून दोनदाबाई. नवरा घड्याळजी. तो म्हणायचा, "हिला म्हटलं जेवायला वाढ, तर विचारेल, जेवायलाच ना?" दुकान मुळात त्याचं. जिन्याखालचं, एका बाजूला शिंपी, दुसऱ्या बाजूला चपला शिवणारा, आत तीन माणसं आणि एक पंखा एवढीच जागा. त्याची नजर अधू झाली तसा तो घरी बसून वर्तमानपत्र भिंगातून वाचायला लागला, आणि त्याचा चिमटा, त्याचा दिवा, त्याची कापसाची डबी हिच्याकडे आली.

त्याआधी बावीस वर्षं ती एका मोठ्या इस्पितळाच्या टेलिफोन बोर्डावर होती. कानाला यंत्र, समोर दिव्यांच्या रांगा, आणि शेकडो खोल्यांचे नंबर पाढ्यासारखे पाठ. विचारायची सवय तिथलीच. नोकरीच्या पहिल्या महिन्यात चौदा नंबरच्या खोलीसाठी आलेली बातमी तिनं चार नंबरच्या खोलीत सांगितली. एक बाई तासभर जिवंत नवऱ्यासाठी रडली. चूक कळली तेव्हा त्या बाईनं हिला शिव्या दिल्या नाहीत, उलट हिचाच हात धरून हसत सुटली. पण हिच्या मनातून तो तास काही गेला नाही. तेव्हापासून आकडा दोनदा ऐकायचा आणि तिसऱ्यांदा समोरच्याकडून वदवून घ्यायचा. लोक कंटाळतात, चिडतात, नावं ठेवतात. ठेवू देत.

इस्पितळात नवी यंत्रणा आली, बोर्ड निघाला, बाई घरी बसली. त्याच सुमाराला तिनं एक मोडेम घेतला. वर्षभरानं दुसऱ्या कंपनीचं कार्ड घातलं, तर तो ऐकेना. तिला भारी राग आला. "विकत घेतला मी, आणि ऐकणार त्यांचं? असला तर नवरासुद्धा नको," असं तिनं नवऱ्यासमोरच म्हटलं. कंपनीला सात पत्रं लिहिली. सातव्या पत्राला उत्तर येईपर्यंत ती स्वतः खटपट करून तीन मोडेम कायमचे मारून बसली होती. ते तिन्ही आजही दुकानात खिळ्याला टांगलेले आहेत. कुणी विचारलं, हे काय, तर म्हणते, "माझे मास्तर."

सातव्या पत्राच्या उत्तरातून तिला एक गोष्ट कळली, ती पुष्कळ हुशार लोकांना अजून माहीत नाही. कराराची मुदत संपली आणि यंत्र आपल्या नावावर असलं, की कोड मागणं हा आपला हक्क आहे. तेव्हापासून तिचा धंदा सरळ. पावती दाखवा, यंत्र कुणाचं ते सांगा, परत एकदा सांगा. एकदा एकजण पाच राउटर घेऊन आला, पावती एकाचीही नाही. बाईनं त्याला पाण्याचा पेला दिला आणि पाचही कुठून आणले ते विचारलं. दुसऱ्यांदा विचारलं तेव्हा गावं बदलली. तिसऱ्यांदा विचारायला तो थांबलाच नाही, आणि दोन राउटर विसरून गेला. ते तिनं चौकीत नेऊन दिले. तिथं हवालदारानं विचारलं, "तुम्हाला कुठं मिळाले?" तर ही म्हणते, "एकदाच विचारलंत. परत विचारा."

असो. घोडं पेंड खात होतं ते इथं.

राउटर जावयाचा नव्हता. सासऱ्याचा होता. सासरा सुतार, जन्मापासून ऐकू येत नाही, बोलता येत नाही. त्याला एक धाकटी बहीण. लहानपणी ही दोघंच घरात असायची, तेव्हा दोघांनी मिळून हातांची एक भाषा केली. शाळेत शिकवतात ती नव्हे, यांची स्वतःची. करवत म्हणजे बाप, कपाळावर दोन बोटं म्हणजे आई, नाक मुरडलं की शेजारीण. ती भाषा येणारी जगात माणसं दोन. सुताराच्या मुलीला निम्मी कळते, जावयाला चहा आणि गाडी एवढंच. बहीण लग्न होऊन समुद्रापलीकडे गेली, आणि गेली कित्येक वर्षं दर आठवड्याला दोघं कॉम्प्युटरच्या पडद्यावर समोरासमोर बसून हातांनी तास तास गप्पा मारत.

मग बहिणीचा एक डोळा गेला. आता दुसऱ्याचाही आतला पडदा सुटायला लागला होता. गुरुवारी दवाखान्यात भरती, शुक्रवारी शस्त्रक्रिया. मग तीन आठवडे पट्टी, आणि पट्टी काढल्यावर दिसेलच असं डॉक्टर छातीठोकपणे सांगायला तयार नव्हते. याला ऐकू येत नाही आणि तिला दिसणार नाही, म्हणजे बोलणं खुंटलं. बहिणीनं पत्रात एवढंच लिहिलं होतं: एकदा घर दाखव. आईची खोली, मागची पायरी, तुझं काम करायचं टेबल. पाहून घेते, मग काय व्हायचं ते होऊ दे.

आणि नेमका महिनाभरापूर्वी कंपनीनं त्या बाजूचा टॉवर काढला होता. सुताराचं घर खोलगट जागी. फोनवर चित्र यायचं ते तुकड्या-तुकड्यांनी, हात म्हणजे नुसतं धुकं. सुतारानं स्वतः रंधा मारलेल्या खांबावर अँटेना उभी केली होती, ती राउटरला जोडली की दुसऱ्या कंपनीचा टॉवर झकास सापडत होता. पण राउटर कुलूपबंद. अँटेना लावता येईल असा नवा मागवला तर यायला दोन आठवडे.

आणि तो दिवस होता मंगळवार.

सुतार जावयाच्या मागोमाग दुकानात शिरला होता. कानामागे चपटी पेन्सिल, हातात पॉलिशपेपरचा तुकडा. त्याच्या कोऱ्या बाजूला तो लिहायचा. त्यानं लिहिलं, "होईल?"

बाई जावयाकडे वळली. "कंपनीकडे कोड का नाही मागितला?"

"मागितला होता, मावशी. महिन्यापूर्वीच अर्ज केला. ते म्हणाले, हे यंत्र तुमच्या नावावर नाही. बाबांनी स्वतः जाऊन घेतलंय, पावती आहे. तरी म्हणतात, नाही. मग मी म्हटलं, यांच्या नादी कोण लागणार. इंटरनेटवर कोड काढून देणारे असतात. यंत्राचा नंबर दिला की कोड देतात."

"नऊ जणांनी नऊ कोड दिले?"

"नाही, तिघांनी. बाकीचे सहा मी... जरा अंदाजानं."

"अंदाजानं," बाई म्हणाली. "अंदाजानंच का?"

जावई स्टुलाकडे बघायला लागला.

बाईनं राउटर उलटा केला. पाठीला गाठीच्या लाकडाचे चार छोटे पाय चिकटवलेले, सुबक, कडा घासून गोल केलेल्या. मधोमध कंपनीची चिठ्ठी आणि तिच्यावर पंधरा आकडे. बाईनं ते तीन-तीनचे गट करून मोठ्यानं वाचले, दोनदा. मग तार जोडली आणि यंत्रालाच त्याचा नंबर विचारला. चिठ्ठीवर तिचा विश्वास नसे. ती म्हणायची, "माणसाचं नाव त्याच्या तोंडून ऐकावं. सदऱ्याच्या कॉलरवर धोब्याची खूण असते, नाव नसतं."

पडद्यावर नंबर आला. तीन, तीन, तीन. पहिले अकरा आकडे जुळले. पुढचे चार साफ वेगळे.

बाईनं पुन्हा वाचलं. पुन्हा वेगळे. तिनं झाकणावर बोट ठेवलं आणि सुताराला खूण केली: ही पाठ याची नव्हे.

सुतार बघत राहिला. मग त्याचा चेहरा असा झाला, की पाटीवर अडलेलं गणित फळ्यावर जाऊन सुटावं. कपाळावर हात मारून घेतला आणि खाली बसून लिहायला लागला. शेजारच्या फोटोवाल्यानं आणि यानं एकाच दिवशी सारखेच राउटर घेतले होते. यंत्र खालून तापतं म्हणून यानं दोघांच्या झाकणांना लाकडी पाय बसवून दिले. झाकणं काढली, एकाच टेबलावर काम केलं. शेवटची ओळ त्यानं लिहिली: "माझ्या झाकणाचे पाय जास्त चांगले झाले. म्हणून ते त्याला दिलं."

बाईनं ती ओळ वाचली, आणि दोनदा वाचली. पण या वेळी सवयीनं नव्हे. आपल्याला बरं साधलेलं शेजाऱ्याला देऊन स्वतः गाठीचं लाकूड ठेवणारे लोक असतात, आणि त्यांच्याच वाट्याला असले घोळ येतात. कंपनीनं नाही म्हटलं ते त्यामुळे. तिन्ही कोड चुकले ते त्यामुळे. नंबर फोटोवाल्याचा, कुलूप सुताराचं.

"मग आता खरा नंबर मिळाला," जावई उभाच राहिला. "काढा कोड, घाला."

बाईनं त्या नंबरावरून कोड काढला. अशा यंत्रांत कोड बनवायच्या दोन तऱ्हा, एक जुनी आणि एक नवी, आणि हे यंत्र नेमकं मधल्या काळातलं. कागदावर दोन कोड आले, एकाखाली एक. घालायची संधी एक.

"वरचा घाला, मावशी. अर्धी अर्धी शक्यता आहे की."

"तुमच्या सासऱ्यांना अर्ध्या बहिणीशी बोलायचंय का?"

सुतारानं दोघांच्या तोंडाकडे पाहिलं. पॉलिशपेपरवर काही लिहायला गेला आणि न लिहिताच पेन्सिल कानामागे ठेवली. बाईच्या मनात त्या घटकेला वरचाच कोड होता, हे मुद्दाम सांगून ठेवतो. तिचा हातही दोनदा बटणांकडे गेला. पण खिळ्यावरचे तीन मास्तर समोर लटकत होते. तिनं तार काढली, राउटर पिशवीत घातला आणि म्हणाली, "उद्या सकाळी कंपनीत. पावती, करार, ओळखपत्र. आणि जावईबापू, तुमचा तो जुना अर्ज आहे ना, तोही आणा. फेकला तर नाही?"

"आहे घरी."

"नक्की आहे?"

"आहे, मावशी. दोनदा आहे."

बुधवारी सकाळी कंपनीच्या काचेच्या कचेरीत तिघंही हजर. खिडकीवर टाय लावलेला एक तरुण साहेब. त्यानं कागद बघितले, खरा नंबर कॉम्प्युटरात घातला, आणि सुताराचं नाव त्याच्या पडद्यावर लख्ख उमटलं. तो म्हणाला, "यंत्र यांचंच आहे. मुदतही संपली आहे. अर्ज करा, सात दिवसांत कोड मिळेल."

जावयाचा चेहरा उतरला. त्यानं बहिणीची, डोळ्यांची, शुक्रवारची सगळी हकिकत सांगितली. साहेबाला वाईट वाटलं. खरंच वाटलं, तो काही दुष्ट नव्हता. पण म्हणाला, "नियम आहे हो. माझ्या हातात काही नाही."

आता दोनदाबाईनं इस्पितळातला जुना आवाज बाहेर काढला, वर न चढणारा. "साहेब, नियम वाचून दाखवता?"

त्यानं वाचला. अर्ज आल्यापासून कामाचे सात दिवस.

"पुन्हा एकदा वाचा."

"अर्ज आल्यापासून..."

"अर्ज आला महिन्यापूर्वी," बाईनं जुना कागद काचेखालून सरकवला. "हा तुमचा शिक्का. त्यात नंबराचे चार आकडे चुकले. आम्ही नवा अर्ज देतच नाही. आम्ही दुरुस्ती देतो. तुमच्या कागदावर खाली दुरुस्तीची ओळ आहे. आहे ना?"

साहेबानं कागद उलटा-सुलटा केला. ओळ होती. बहुधा कचेरी उघडल्यापासून ती ओळ कुणी भरली नव्हती. तो उठून आत गेला, एका मोठ्या साहेबाला घेऊन आला, दोघांनी ती ओळ मिळून वाचली. मोठ्या साहेबानं वरच्या कचेरीत फोन लावला. तासभर गेला. सुतार खुर्चीच्या सांध्यावरून बोट फिरवत बसला होता आणि ती खुर्ची कुणी बनवली त्याच्याबद्दल त्याचं मत बरं दिसत नव्हतं.

कोड आला. साहेबानं कागदावर लिहून दिला. बाईनं वाचून घेतला, परत वाचून घेतला, मग स्वतः वाचून दाखवला. शेवटी साहेबच म्हणाला, "थांबा हो, मी आणखी एकदा पडद्यावर बघतो." असली लागण लवकर होते.

बाहेर पायरीवर तिनं पर्समधून कालचा कागद काढला आणि शेजारी धरला. वरचा कोड चूक होता. खालचा बरोबर.

जावई म्हणाला, "म्हणजे काल मी..."

"काल मीपण वरचाच घातला असता," बाई म्हणाली, आणि कागदाची घडी घालून ठेवली.

दुपारी सुताराच्या घरी टेबलावरचा भुसा झाडून राउटर मांडला. नवं कार्ड घातलं, अँटेना जोडली. पडद्यावर कोडाची चौकट आली आणि तिच्याखाली बारीक अक्षरात: एक प्रयत्न शिल्लक. बाईनं आठ आकडे भरले. सुताराच्या मुलीकडून वाचून घेतले, जावयाकडून वाचून घेतले. मग उठली, सुताराला खुर्चीवर बसवलं आणि शेवटचं बटण त्याला दाखवलं. त्यानं पँटला बोट पुसलं आणि दाबलं. रंधा मारल्यासारखं, एकदाच, न घाबरता.

चौकट गेली. राउटरवर निळा दिवा लागला.

पुढचा तास सांगण्यासारखा आहे, पण सांगता येत नाही, कारण ती भाषा मलाही येत नाही. एवढं खरं की पडद्यावर बहीण आली तेव्हा चित्र स्वच्छ होतं, बोट न् बोट दिसत होतं. जावई कॉम्प्युटर दोन्ही हातांत धरून सुताराबरोबर घरभर कधी सरळ, कधी उलट्या पावलांनी चालला, गाडी शिकवताना चालवली नसेल एवढ्या जपून. आईची खोली झाली. मागची पायरी झाली. टेबलाशी आले तेव्हा बहिणीनं काहीतरी विचारलं, सुतारानं राउटर उचलून त्याचे गाठीचे पाय दाखवले आणि सगळी कथा हातांनी सांगितली. समुद्रापलीकडे ती बाई तोंडावर पदर धरून हसत होती. मग सुतारानं दारात उभ्या दोनदाबाईकडे बोट केलं आणि हवेत एक किल्ली फिरवली, दोनदा. त्या भाषेत एक शब्द वाढला.

चार आठवड्यांनी जावई दुकानात आला. या वेळी त्यानं स्टूल पुसलं नाही, सरळ बसला. पट्टी निघाली होती. अक्षरं अजून लागत नव्हती, पण समोरच्या माणसाचे हात दिसत होते. आदल्या दिवशीच दोघं भाऊबहीण दीड तास बोलले आणि त्यातला निम्मा वेळ भांडले. एरवी सगळं दुसऱ्यांदा विचारणाऱ्या बाईनं ही बातमी एकदाच ऐकली आणि चष्मा पुसायला घेतला.

जावई जरा घुटमळला. मग म्हणाला, "मावशी, एक विचारू? त्या दिवशी शेवटचं बटण दाबायची वेळ आली, तेव्हा तुम्हाला जरासुद्धा भीती वाटली नाही?"

दोनदाबाईनं चष्मा नाकावर चढवला आणि म्हणाली, "वाटली ना. माझा हात थरथरत होता, म्हणून तर बटण तुमच्या सासऱ्यांना दाबायला लावलं. आता हे दोनदा विचारू नका."